वगैरे म्हणजे कोण?

नाबरसाहेबांसमोर 'वगैरे' म्हणायची सोय नव्हती. एक वेळ शिवी दिलेली चालली असती.

नोकरीच्या पहिल्याच दिवशी मी त्यात सापडले. दुपारी त्यांनी विचारलं, "काय मिसेस सावंत, झाल्या का ओळखी?" मी आपली सहज बोलून गेले, "झाल्या की. शेठ भेटले, पॅकिंगच्या हिराबाई भेटल्या, मशीनवाले वगैरे भेटले." नाबरसाहेबांनी पेनाला टोपण लावलं, चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि हळू आवाजात विचारलं, "वगैरे म्हणजे कोण?"

मला वाटलं, म्हातारा गंमत करतोय. मी हसले. ते हसले नाहीत. "वगैरे नावाचा माणूस आपल्या कंपनीत नाही. जा, भेटून या." आणि खरंच पाठवलं हो मला! परळला वाढलेली, बी.कॉम. झालेली मी, नवी साडी नेसून त्या तेलकट वासात उभी राहून एकेकाला "भैया, आपका नाम क्या है?" विचारत फिरले. प्रेस मशीनवरचा रामधनी लाजून दुसरीकडे बघायला लागला. पॉलिशवाल्याला वाटलं मी मतदार यादीवाली आहे, त्याने घरातल्या सगळ्यांची नावं सांगून टाकली. परत येऊन मी सगळी नावं म्हणून दाखवली, तेव्हा कुठे साहेबांनी चष्मा चढवला.

आमची कंपनी म्हणजे भाईंदर पूर्वेच्या एका इंडस्ट्रियल इस्टेटीतले लागून असलेले दोन गाळे. तिथे कपाटांच्या बिजागऱ्या, दारांच्या कड्या आणि कोयंडे बनायचे. मालक हसमुखभाई. माणूस साधा, पांढऱ्या सफारीतला, देवभोळा. पण त्यांनी कधीतरी हौसेने कंपनीला प्रायव्हेट लिमिटेड करून घेतलं होतं, आणि प्रायव्हेट लिमिटेड म्हटलं की दर वर्षी संचालकांनी भागधारकांना अहवाल द्यायचा असतो. आमचे संचालक दोन. हसमुखभाई आणि त्यांच्या पत्नी सविताबेन. भागधारकही दोनच. सविताबेन आणि हसमुखभाई. म्हणजे हा सगळा खटाटोप एका नवऱ्याने आपल्याच बायकोला वर्षभराची हकिगत कळवण्याचा होता, आणि ती लिहून द्यायला नाबरसाहेबांना ठेवलेलं होतं. तसे ते बाकीचं ऑफिसही बघायचे. पण त्यांचा जीव अहवालात.

नाबरसाहेब पूर्वी फोर्टातल्या एका बड्या कंपनीत होते. तिथले अहवाल म्हणे गुळगुळीत कागदावर छापले जायचे. ती कंपनी बंद पडली आणि साहेब आमच्या गाळ्यात आले. उंच, वाळकुडे, शर्टाचं वरचं बटण कायम लावलेलं, आणि खिशाला एक सेफ्टी पिन, का ते देव जाणे. सीएच्या ऑफिसातला पोरगा दर वर्षी सांगायचा, "अहो, तयार नमुना आहे, आकडे बदलायचे आणि सही करायची. एक पान पुरतं." आमच्या साहेबांचा अहवाल छोट्या पुस्तिकेएवढा व्हायचा. हसमुखभाई डोक्याला हात लावायचे. "साहेब, एवढा मोठा कशाला लिवते? मारी वाइफ तो वांचती पण नथी."

"न वाचणं हा त्यांचा हक्क आहे," साहेब म्हणायचे. "कळवणं हे आपलं काम."

आणि कळवायचं म्हणजे कसं, तर डोळ्यांनी बघितल्याशिवाय एक ओळ लिहायची नाही. एकदा मी टाइप केलं, 'माल वेळेत रवाना झाला.' साहेब म्हणाले, "तुम्ही बघितलात?" मी म्हटलं, "ट्रान्सपोर्टवाल्याचा फोन आला होता." झालं! बसवलं मला रिक्षात आणि नेलं काशीमीऱ्याला. तिथल्या गोडाऊनबाहेर, धुळीत, ट्रकांच्या कर्कश हॉर्नमध्ये आम्ही दोघं उभे. ड्रायव्हर जेवला, हात धुतले, अगरबत्ती लावली, एका मित्राशी भांडला, मग कुठे ट्रक हलला. तो हायवेला वळून दिसेनासा होईपर्यंत साहेब टाचा उंच करून बघत होते. मग माझ्याकडे वळून म्हणाले, "हां. आता लिहा, रवाना झाला." माझ्या साडीची दशा झाली होती आणि घरी सासूबाई उपवासाच्या पाटवड्या करून वाट बघत होत्या. मी रिक्षात बसल्यावर इतकं बोलले, इतकं बोलले, की साहेबांच्या जागी दुसरा असता तर मला कामावरून काढलं असतं. साहेबांनी फक्त विचारलं, "पाटवड्या कशाच्या? वरीच्या की शिंगाड्याच्या?"

ही आणखी एक खोड. नसत्या चौकशा! रामधनीच्या गावाकडून आलेल्या पत्रात काय लिहिलंय, त्याची म्हैस व्यायली का, हिराबाईंच्या डब्यात आज खाडीतल्या निवट्या होत्या की बोंबील, त्यांची धाकटी दहावीत गणितात का अडकते, मी माहेरी गेले तर तिथे काय शिजलं होतं. अशा तऱ्हेने विचारायचे की जणू हेही अहवालात जायचंय. लिहून मात्र काही घ्यायचे नाहीत. नुसतं ऐकायचे, मान हलवायचे, आणि मध्येच एखादा तपशील परत विचारून पक्का करायचे. "कुठली साडी म्हणालात? मोरपंखी?" बायामाणसं इतक्या चौकशा करत नाहीत, असं मी तोंडावर म्हटलेलं आहे. त्यावर ते म्हणाले, "खरंय."

स्वतःबद्दल मात्र अवाक्षर नाही. राहायचे मीरा रोडला, बेव्हर्ली पार्कमध्ये, एवढंच ठाऊक. साडेपाचला छत्री उचलली की गेले. कोणाच्या बारशाला नाहीत, दिवाळीच्या पार्टीला नाहीत, चहाला थांबा म्हटलं तर नाहीत. "मिसेस काय म्हणतात, साहेब?" असं कोणी विचारलंच तर ठरलेलं उत्तर: "हरकत नाही." आम्हाला वाटायचं, बाई फार कडक असणार आणि साहेब घरी तिच्या मुठीत असणार. मागे यावरून आम्ही खूप हसायचो.

हे 'हरकत' प्रकरणही समजून घ्यायला हवं. अहवाल पुरा झाला, की सही व्हायच्या आधी त्याचं वाचन व्हायचं. वाचन शुक्रवारी, कारण शुक्रवारी आमच्या इस्टेटीत वीज नसायची आणि मशीनं बंद असायची. शटर वर करायचं, आत उजेड येईल तेवढ्यात पॅकिंगचे खोके मांडायचे आणि सगळ्यांनी त्यावर बसायचं. सविताबेन घरून ढोकळ्याचा मोठा डबा घेऊन यायच्या, एकुलत्या एका खुर्चीत बसायच्या आणि दुसऱ्या परिच्छेदाला त्यांचा डोळा लागायचा. साहेब उभे राहून वाचायचे. कागदावर इंग्रजी, तोंडात रामधनीसाठी हिंदी, हिराबाईंसाठी मराठी आणि सविताबेनसाठी, त्या झोपलेल्या असल्या तरी, थोडं गुजराती. दर परिच्छेदानंतर थांबायचे, चष्म्यावरून सगळीकडे बघायचे आणि विचारायचे, "हरकत?"

"नाऽऽही," सगळे शाळेतल्यासारखे ओरडायचे. कधी ढोकळा संपवायची घाई असायची म्हणून, कधी खरंच हरकत नसायची म्हणून. कंपनीचं असं वाचन कुठल्याच कायद्यात सांगितलेलं नाही. सीएचा पोरगा तर म्हणायचा, तुमच्याकडे सत्यनारायण असतो. पण साहेबांचं म्हणणं एकच, ज्यांच्याबद्दल लिहिलं त्यांनी ऐकलेलं नसेल तर तो अहवाल कसला, ती चहाडी झाली.

एका वर्षीच्या वाचनात शेवटी त्यांनी असं वाचलं, "रिजेक्ट मालातली एक कडी नाबर यांनी स्वतःच्या घरी नेली आहे. कारण वैयक्तिक. हरकत?" सगळे खो खो हसले. कारण ती कडी निवडताना साहेबांचा जो सोहळा चालला होता तो सगळ्यांनी बघितला होता. रिजेक्टच्या पेटीपुढे उकिडवे बसून एकेक कडी उचलायची, कानाशी धरायची, कोयंड्यावर पाडायची आणि आवाज ऐकायचा. टक्. नको. टण्. नको. रामधनी म्हणाला, "साहब, दरवाजे में लगानी है या आरती में बजानी है?" साहेब म्हणाले, "आवाज साफ पाहिजे. दुसऱ्या खोलीत गेला पाहिजे." असेल काही, म्हणून आम्ही सोडून दिलं.

मग ते वर्ष आलं. गणपती नुकतेच होऊन गेले होते. हसमुखभाईंनी आम्हा दोघांना केबिनमध्ये बोलावलं आणि दार लावून घेतलं. आमच्या केबिनचं दार कधी लागायचं नाही, ते लावताना फुगलेली फळी अडली आणि शेठना खांदा लावावा लागला. म्हणाले, मुलाने गुजरातमध्ये जागा बघितली आहे. मोठा शेड आहे, खर्च कमी. दिवाळी झाली की सगळी मशीनं तिकडे न्यायची. माणसं तिकडचीच घ्यायची. सीए म्हणतो, हे अहवालात लिहावंच लागेल.

"लिखो साहेब, लिवायला माझी ना नाही. इंग्लिशमां एक लाइन," हसमुखभाई खाली मान घालून बोलत होते. "पण आ वखते वाचन नको. आत्ता कळलं तर माणसं गाव जातील. दिवाळीचा माल कोण काढेल?"

साहेबांनी फक्त विचारलं, "वाचन नाही?"

"एक साल, साहेब. शेवटचं साल."

बाहेर आलो तर हिराबाई खोक्यांना पट्ट्या मारत होत्या. तारोडी गावच्या त्या. आधीच्या पिढ्या भातशेती आणि मिठागरावर गेलेल्या, नवरा पाठदुखीने घरी. पहाटेची बस पकडून, खाडीकडचा सगळा वळसा घालून त्या वेळेवर यायच्या आणि धाकटीला शिकवून मोठी करायची म्हणायच्या. रामधनीने त्याच वर्षी बायकोमुलांना गावाहून आणलं होतं, दोन्ही पोरं इथल्या म्युनिसिपल शाळेत बसवली होती. दिवाळीनंतर अचानक कळलं असतं तर ऐन वर्षाच्या मध्यात ही माणसं पोरं घेऊन कुठे जाणार होती? मी साहेबांकडे बघितलं. ते टेबलापाशी जाऊन टाचण्या सरळ करत बसले. त्या दिवशी त्यांनी कोणाला डब्यात काय आणलं तेही विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी साहेब आलेच नाहीत. तिसऱ्याही दिवशी नाहीत. कधी रजा न घेतलेला माणूस! हसमुखभाई घाबरले. मला म्हणाले, "बेन, घरी जाऊन ये. ड्राफ्ट पण घेऊन ये."

बेव्हर्ली पार्कमधली ती बिल्डिंग शोधायला वेळ लागला नाही. दुसऱ्या मजल्यावर दार नुसतं लोटलेलं होतं. आतून साहेबांचा आवाज येत होता, तोच वाचनाचा आवाज, थांबत थांबत चाललेला. मला वाटलं, कंपनीतलं कोणीतरी आधीच येऊन बसलंय. मी बेल दाबणार तेवढ्यात आतून ऐकू आलं, "हरकत?" आणि पाठोपाठ धातूचा आवाज. टक्. एकदाच, स्वच्छ. जिन्यापर्यंत आला तो.

मी दार ढकललं. हॉलमध्ये खिडकीशी लोखंडी कॉट होती. कॉटवर उशांना टेकून एक बाई बसली होती, केसांची वेणी घातलेली, कुंकू लावलेलं, तोंड एका बाजूला थोडं ओढलं गेलेलं. उजवा हात मांडीवर ठेवल्यासारखा पडला होता. डावा हात कॉटच्या दांडीवर होता, आणि दांडीला स्क्रूने घट्ट बसवलेली आमची कडी होती. रिजेक्टच्या पेटीतली.

"या," साहेब उठले. त्यांना मी आल्याचं नवलही वाटलं नाही. बायकोकडे वळून म्हणाले, "मालती, मिसेस सावंत. मशीनवाले वगैरे म्हणाल्या होत्या त्या."

मालतीबाईंच्या चेहऱ्याची अर्धी बाजू हसली. मग त्यांनी नजर माझ्या हातावर आणली आणि भुवई उचलली. मला क्षणभर कळेना. आदल्या आठवड्यात इस्त्रीने माझा अंगठा भाजला होता, ते विचारत होत्या. "बरा आहे आता," मी म्हटलं. टक्, कडी वाजली.

साहेबांनी चहा टाकला. स्वयंपाकघरातूनच बोलत होते, पाठमोरे, म्हणून बोलता आलं असावं. मालतीबाई टेलिफोन खात्यात ऑपरेटर होत्या. दिवसभर शेकडो माणसांशी बोलून घरी यायच्या आणि रात्री नवऱ्याला सगळ्यांच्या हकिगती सांगायच्या. भिंतीवर तो फोटो होता, कानाला हेडफोन, हसणारी तरुण बाई. मग झटका आला. उजवं अंग गेलं आणि बोलणं गेलं. समजतं सगळं, ऐकू येतं सगळं. दिवसा एक बाई येते, साडेपाचला गाळ्यातून निघालो की सहा-सव्वासहाला ती सुटते.

"सुरुवातीला मी काहीतरी सांगायचो," साहेब म्हणाले. "आज काम होतं, माणसं वगैरे होती, असं. तर ही तोंड फिरवून घ्यायची. जेवायची नाही. मग मला कळलं. हिला माणसं पाहिजेत हो. नावानिशी पाहिजेत. आणि मी तर फोर्टात जन्मभर 'कर्मचारी वगैरे' लिहीत आलेला माणूस! शिकलो हळूहळू. कडी एकदा वाजली की हरकत नाही. दोनदा वाजली की हरकत."

मी कप हातात धरून बसले होते आणि चहा गार होत होता. रामधनीची म्हैस, हिराबाईंच्या निवट्या, माझी मोरपंखी साडी, शिंगाड्याच्या पाटवड्या, सगळं सगळं या कॉटवर आलं होतं. आम्ही त्यांच्या चौकशांना हसलो होतो. मला तिथेच रडू आलं, आणि मी रडूबिडू येणारी बाई नाही.

मग मी कामाचं विचारलं. साहेब खुर्चीत बसले. "मिसेस सावंत, मी दोन दिवस अडकलोय. शेठचं मीठ खाल्लंय. ते वाईट माणूस नाहीत. पण वाचन नाही म्हणजे..." त्यांनी ड्राफ्ट उचलला. "शेवटचा परिच्छेद हिला वाचून दाखवलेला नाही अजून. दाखवायचा धीर झाला नाही. हे सगळं बंद झालं की हिला मी रोज काय सांगू? ते राहू दे. तुम्ही आहात तर वाचतो."

त्यांनी वाचलं. दिवाळीनंतर कारखाना हलवण्यात येणार आहे. मग थांबून, कागदावर नसलेलं वाक्य म्हटलं, "आणि मालकांच्या इच्छेनुसार यंदा कामगारांपुढे वाचन होणार नाही. हरकत?"

मालतीबाईंनी खिडकीकडे बघितलं. माझ्या मनात आलं, बाईलाही कळतंय, आपल्याच घरातली संध्याकाळ जायची आहे. हात दांडीवरून उठला. टक्. मी श्वास सोडणार तोच पुन्हा. टक्. आणि मग थांबेचनात. टक् टक्, टक् टक्, अशी कडी आपटत राहिल्या, मान हलवत, डोळे वटारून. साहेबांनी त्यांचा हात धरला. "कळलं, कळलं. नामंजूर." आणि मला म्हणाले, "शुक्रवारी खोके मांडायला सांगा."

शुक्रवारी वाचन झालं. साहेब कागद घेऊन उभे राहिले तेव्हा हसमुखभाई दारातच थबकले. "साहेब, आपली वात थई हती ने?"

"झाली होती. पण हरकत आली."

"कोणाची?"

"घरून."

हसमुखभाई दारातून आत आले. त्यांना घरचं ठाऊक असावं, नाहीतर साडेपाचचा नियम त्यांनी इतकी वर्षं मुकाट्याने कशाला चालू दिला असता? ते एका खोक्यावर बसले. सविताबेन खुर्चीत पेंगत होत्या.

साहेबांनी शेवटचा परिच्छेद तिन्ही भाषांत वाचला. एकदा वाचून कोणाला खरं वाटेना, म्हणून पुन्हा वाचला. मग चष्म्यावरून सगळीकडे बघून विचारलं, "हरकत?"

कोणी 'नाही' ओरडलं नाही. ढोकळ्याचा डबा उघडा होता, कोणी हात लावला नाही. मग मागून हिराबाई उभ्या राहिल्या, पदर खोचून.

"हाय," त्या म्हणाल्या. "माजी हरकत हाय."

इतक्या वर्षांत असं कधी झालेलं नव्हतं. साहेबांनाच पुढे काय करायचं सुचेना. "बोला," ते म्हणाले.

"कारखाना तुमचा हाय शेठ, न्या. आमी कोन अडवनार? पन दिवाळीनंतर न्हाय. माज्या पोरीची दहावी हाय. या रामधनीची पोरा आताशी शाळंत बसलीत. परीक्षा व्हऊं द्या, मंग न्या. तवर आमी बी दुसरा काम बघू."

"हां साहब, यही हरकत लिख लीजिए," रामधनी म्हणाला.

हसमुखभाई घाम पुसत होते. "हिराबेन, शेडनुं भाडुं चालू झालंय..." आणि तेवढ्यात खुर्चीतून आवाज आला. सविताबेन जाग्या होत्या. कधीपासून, कोण जाणे. नवऱ्याकडे बघून त्या म्हणाल्या, "बाई साचुं कहे छे. एप्रिल राखो."

आमच्या कंपनीच्या इतिहासात भागधारकाने तोंड उघडलं ते एवढंच. साहेबांनी लगेच पेन काढलं आणि हिराबाईंची हरकत, तिला भागधारकांनी दिलेली मंजुरी आणि एप्रिल महिना, असं सगळं अहवालात लिहिलं. मी टाइप केलं, हसमुखभाईंनी सही केली. सीएचा पोरगा म्हणाला, असा डायरेक्टर्स रिपोर्ट मी जन्मात बघितला नाही. कोणी गावाला पळालं नाही. दिवाळीचा माल वेळेत गेला, आणि तो हायवेला वळेपर्यंत मी स्वतः उभी राहून बघितला.

एप्रिलमध्ये मशीनं गेली. हिराबाईंना भाईंदर पश्चिमेला एका पापडवालीकडे काम मिळालं, रामधनी शेजारच्याच इस्टेटीत लागला. धाकटी पास झाली, गणितात काठावर. मला काशीमीऱ्याच्या एका ट्रान्सपोर्टवाल्याच्या ऑफिसात नोकरी लागली. साहेबांच्या वयाच्या माणसाला कोण घेणार? ते घरीच बसले.

जूनमध्ये एका संध्याकाळी घरचा फोन वाजला. "मिसेस सावंत? नाबर बोलतोय. एक विचारायचं होतं. गैरसोय नसेल तर." नेहमीचाच आवाज, पण मध्ये मध्ये तुटत होता. "तुमच्या नव्या ऑफिसात माणसं कशी आहेत?"

"बरी आहेत. का हो, साहेब?"

ते म्हणाले, "इथे वाचायला मजकूर नाही हो. घरात काय घडतं? भाजीवाल्याचं सांगितलं, जिन्यातल्या मांजरीचं सांगितलं. खोटं काही रचून सांगता येत नाही, तिला लगेच कळतं. आता ती कडीच वाजवत नाही. एकदाही नाही, दोनदाही नाही. भिंतीकडे तोंड करून असते. आज चौथा दिवस, जेवली नाही धड."

"फोन त्यांच्या कानाशी धरा," मी म्हटलं.

खुडबुड झाली. मग नुसता श्वास ऐकू यायला लागला. जन्मभर फोनवर बोललेली बाई ती, आणि मी तिच्याशी काय बोलणार? मी एकदम घाईने सुरू झाले. म्हटलं, मालतीबाई, मी सावंत. आमचं ऑफिस गोडाऊनच्या माळ्यावर आहे, खालून डिझेलचा वास येतो. मालक सरदारजी आहेत, दुपारी लस्सी पितात आणि घोरतात. एक मांजर तिथेही आहे. खाली दिवसभर आरडाओरडा चालतो, ड्रायव्हर असतात, क्लीनर असतात, हमाल वगैरे...

माझ्या लक्षातही आलं नाही. मी पुढे बोलायला तोंड उघडलं, तर पलीकडून आवाज आला.

टक्. टक्.

मग काहीतरी पडल्याचा आवाज, आणि नाबरसाहेब. नाक ओढत, रडत, हसत कसंबसं म्हणाले, "मिसेस सावंत, हरकत आलीय. वगैरे म्हणजे कोण?"

मी सासूबाईंना गॅस बंद करायला सांगितला, फोनपाशी स्टूल ओढून घेतलं आणि एकेकाचं नाव सांगायला लागले.